धनंजयरावांचा हिशेब

अर्थशास्त्रज्ञ म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे एक ठराविक मूर्ती उभी राहते. अर्थसंकल्पाच्या दिवशी आकडे फेकणारी, सामान्य माणसाला न कळणारे बोलणारी आणि आपला गेल्या वर्षीचा अंदाज का चुकला हे यंदा तितक्याच आत्मविश्वासाने सांगणारी. गृहिणीला तूरडाळीचा भाव कळतो, शेतकऱ्याला कांद्याचा कळतो. पण अर्थशास्त्र नावाच्या विद्येचा आपल्या चुलीशी आणि आपल्या बांधाशी काही संबंध आहे, असे दोघांनाही वाटत नाही. इतरांनी तसे म्हटले तर एक वेळ चालेल. आम्हा नगरकरांनी मात्र तसे म्हणू नये. २०२४ साली ज्याचे नाव अहिल्यानगर झाले, त्या या जिल्ह्याच्या उत्तर भागातले रस्ते, शाळा, दवाखाने, पतपेढ्या आणि धुराडी ज्या विचारातून उभी राहिली, त्यामागे एक अर्थशास्त्रज्ञ उभा होता. त्यांचे नाव धनंजय रामचंद्र गाडगीळ.

आज हे नाव पुण्यातल्या अभ्यासकांना ठाऊक असते, स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलांना ‘गाडगीळ सूत्र’ म्हणून पाठ असते. पण ज्या गावांच्या अर्थकारणाचा त्यांनी शेतावर जाऊन हिशेब मांडला, त्या गावांत त्यांच्याविषयी विचारले तर तरुण मुले एकमेकांच्या तोंडाकडे पाहतात. मी स्वतः प्रवरेच्या कालव्याच्या काठी वाढलो. आमच्याकडे पाणी, ऊस, कारखाना आणि निवडणूक या चार विषयांवाचून पाचवा विषय नसे. तरीही धनंजयरावांचे नाव मला गावात नव्हे, कॉलेजच्या ग्रंथालयात भेटले. याची खंत वाटते म्हणून हा लेख नाही. त्यांनी घालून दिलेली हिशेबाची सवय आपण सोडली आणि त्याची किंमत आज मोजतो आहोत, असे मला वाटते. म्हणून हा लेख.

कर्जखतांच्या होळीपासून

गाडगिळांचे काम समजून घ्यायचे तर थोडे मागे जावे लागते. १८७५ साली पुणे जिल्ह्यातल्या सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांची घरे-दुकाने गाठली, कर्जखते बाहेर काढली आणि जाळली. ही आग नगर जिल्ह्यातल्या गावांतही पसरली. इतिहासात ते ‘दख्खनचे दंगे’ म्हणून नोंदले गेले. पण बहुतेक ठिकाणी लोकांचा रोख माणसांवर नव्हता, कागदांवर होता. शेतकऱ्याला आपला शत्रू नेमका ठाऊक होता: न वाचता अंगठा उठवलेला कागद. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा केला.

त्याच काळात न्यायमूर्ती रानडे एक वेगळाच प्रश्न विचारत होते. इंग्लंडमधल्या पुस्तकांत लिहिलेले अर्थशास्त्राचे नियम हिंदुस्थानाला जसेच्या तसे लागू पडतात काय? १८९२ साली पुण्यात डेक्कन कॉलेजात दिलेल्या व्याख्यानात त्यांनी या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे दिले. जिथे भांडवल नाही, पत नाही आणि उद्योग मोडून पडले आहेत, तिथे सरकारने हात बांधून बसावे हे शास्त्र नव्हे, असे त्यांचे म्हणणे होते. रानडे, त्यांचे शिष्य गोखले आणि पुढे गाडगीळ अशी ही परंपरा आहे. रानड्यांनी प्रश्न विचारला. गाडगिळांनी त्याच्या उत्तरासाठी गावोगाव माणसे पाठवून मोजणी केली.

धनंजयरावांचा जन्म १९०१ सालचा, नाशिकचा. केंब्रिजला शिकत असताना त्यांनी हिंदुस्थानच्या औद्योगिक स्थित्यंतरावर प्रबंध लिहिला. तो १९२४ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाला, तेव्हा लेखकाचे वय तेवीस वर्षांचे होते. हे पुस्तक पुढे कित्येक पिढ्यांनी अभ्यासले. परत आल्यावर थोडा काळ सरकारी नोकरी, मग सुरतेच्या महाविद्यालयात प्राचार्यपद, आणि १९३० साली पुण्यात गोखले अर्थशास्त्र संस्थेची स्थापना. रावबहादूर काळे यांच्या देणगीतून आणि भारत सेवक समाजाच्या आश्रयाने ही संस्था उभी राहिली. गाडगीळ तिचे पहिले संचालक झाले आणि १९६६ पर्यंत त्या खुर्चीत राहिले.

खुर्चीत हा शब्द मात्र फसवा आहे. या संस्थेची ओळख खुर्चीमुळे नव्हे, पायपिटीमुळे झाली. वाई तालुक्याची पाहणी, पुणे शहराची पाहणी, सोलापूरची पाहणी अशी पुस्तके एकामागून एक निघाली. घरात माणसे किती, कमावती किती, कर्ज कुणाचे, मूल शाळेत जाते की नाही, हे दारोदार विचारायचे आणि मगच मत द्यायचे. आज कुटुंबांची नमुना पाहणी हा विकासाच्या अर्थशास्त्राचा पाया मानला जातो. ज्या काळात पुष्कळसे पंडित लंडनहून आलेल्या अहवालांवर विसंबून होते, त्या काळात पुण्याची ही मंडळी वहीपेन्सिल घेऊन वाड्यावस्त्यांवर फिरत होती.

कालव्याचा खरा नफा

आता आपल्या जिल्ह्याकडे येऊ. दारणा धरणाच्या पाण्यावर गोदावरीचे कालवे निघाले. भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पुरे झाले आणि प्रवरेचे पाणी संगमनेर, राहुरी, श्रीरामपूरच्या रानांत खेळू लागले. सरकारच्या हिशेबी हे कालवे तोट्याचे होते. पाणीपट्टीतून खर्चाचे व्याज सुटत नव्हते. म्हणून दख्खनमधल्या अशा कामांना ‘दुष्काळ निवारणाची कामे’ असे नाव देऊन सरकार मनाचे समाधान करून घेत असे.

गाडगिळांनी इथे एक साधा पण मोठा प्रश्न उपस्थित केला. कालव्याचा नफा फक्त सरकारच्या तिजोरीतच का मोजायचा? पाणी आले म्हणजे शेतात पीक वाढते, हा झाला सरळ फायदा. पण मजुराला बारमाही काम मिळते, बाजार वाढतो, गाडीवानाचा, व्यापाऱ्याचा, कारागिराचा धंदा चालतो. हा आडवळणाने येणारा फायदा कुणी मोजायचा? गोखले संस्थेने गोदावरी आणि प्रवरा कालव्यांवरची गावे आणि कोरडवाहू गावे यांची तुलना करून हा सगळा हिशेब मांडला. तो ग्रंथ १९४८ साली प्रसिद्ध झाला. सार्वजनिक कामांचा लाभ आणि खर्च समाजाच्या अंगाने तोलण्याची पद्धत तेव्हा अमेरिकेतही नुकती आकार घेत होती. आज जगातले कुठलेही मोठे धरण वा महामार्ग या तराजूत घातल्यावाचून पुढे सरकत नाही. त्या तराजूचे एक जुने माप आपल्या कोपरगाव-राहुरीच्या काळ्या रानात घडले आहे, हे आपल्या मुलांना कुणी सांगितले आहे काय?

पण पाणी आले म्हणून शेतकरी सुखी झाला असे मात्र घडले नाही. १९३२ साली साखर धंद्याला सरकारने संरक्षण दिले. बेलापूर कंपनीचा हरेगावचा कारखाना त्याच्याही आधीचा. टिळकनगर, साकरवाडी येथेही खासगी कारखाने आले. कंपन्यांनी शेतकऱ्यांच्या जमिनी दीर्घ मुदतीच्या खंडाने घेतल्या आणि आपले मळे पिकवले. कित्येक ठिकाणी आपल्याच जमिनीवर आपणच मजूर, अशी शेतकऱ्याची गत झाली. ज्यांनी स्वतःचा ऊस लावला त्यांनी गूळ केला. गुळाचे भाव चढले की चैन आणि पडले की सावकार. धरणाने पाणी दिले, पण पत दिली नाही.

लोणीचा शेतकरी आणि पुण्याचा पंडित

लोणी बुद्रुकचे विठ्ठलराव विखे पाटील हे जेमतेम चार इयत्ता शिकलेले शेतकरी. १९२३ साली त्यांनी गावात सहकारी पतपेढी काढली होती. सावकाराच्या वहीतून माणूस बाहेर कसा काढायचा, याची त्यांची शाळा तीच. १९४५ साली बेलापूर रोडला, म्हणजे आजच्या श्रीरामपूरला, कालव्यांवरच्या बागायतदारांची परिषद भरली. अध्यक्षस्थानी धनंजयराव गाडगीळ होते. ऊस पिकवणाऱ्यांनीच साखर कारखान्याचे मालक व्हावे, या कल्पनेने तिथून वेग घेतला.

पुढची कथा महाराष्ट्राला साधारण ठाऊक आहे. विठ्ठलराव गावोगाव हिंडले. कुणी दागिना मोडून, कुणी बैल विकून शेअरचे पैसे दिले, असे आमच्याकडे म्हातारी माणसे सांगत. तेव्हाच्या मुंबई राज्यात अर्थ आणि सहकार खाते वैकुंठभाई मेहता यांच्याकडे होते. त्यांनी सरकारचे भागभांडवल मिळवून दिले. औद्योगिक वित्त महामंडळाचे कर्ज मिळाले. १९४८च्या अखेरीस संस्थेची नोंदणी झाली आणि १९५०-५१च्या हंगामात प्रवरानगरचे चाक फिरले. सुरुवातीची वर्षे अध्यक्ष होते गाडगीळ आणि उपाध्यक्ष विठ्ठलराव. केंब्रिजचा पदवीधर आणि चौथी शिकलेला शेतकरी एका टेबलाशी बसून उसाचा दर ठरवत होते.

यात भावनेचा भाग मोठा असला तरी मला मोल वाटते ते त्यामागच्या तर्काचे. ऊस हे विलक्षण पीक आहे. तोडला की दिवसभरात गाळायला हवा, नाही तर साखर उतरते. म्हणजे तोडलेला ऊस घेऊन शेतकरी बाजारभर हिंडू शकत नाही. जवळ कारखाना एकच, आणि तो दुसऱ्याच्या मालकीचा. मग भाव कोण ठरवणार हे सांगायला नको. उलट कारखान्यालाही ठरल्या वेळी ठरलेला ऊस मिळाला नाही तर करोडोंची यंत्रे थंड पडतात. दोघेही एकमेकांच्या कचाट्यात. या कचाट्यातून सुटण्याचा एक मार्ग म्हणजे ऊसवाला आणि कारखानदार ही एकच व्यक्ती करणे. अशा कचाट्यांचे आणि मालकीचे रीतसर शास्त्र पुढे अमेरिकेत तयार झाले. त्यासाठी ऑलिव्हर विल्यमसन यांना २००९ साली आणि ऑलिव्हर हार्ट यांना २०१६ साली नोबेल मिळाले. त्या सिद्धांताचे गणित प्रवरानगरला कुणी मांडले नव्हते, पण त्याचे उत्तर तिथल्या शेतकऱ्यांनी विसाव्या शतकाच्या मध्यालाच काढून ठेवले होते.

लोणीपासून दिल्लीपर्यंत

प्रवरेच्या काठी जे शिकले ते गाडगिळांनी देशाच्या कामी लावले. रिझर्व्ह बँकेने १९५१-५२ साली ७५ जिल्ह्यांतल्या ६०० गावांत ग्रामीण कर्जाची पाहणी केली. ए. डी. गोरवाला यांच्या अध्यक्षतेखालच्या मार्गदर्शक समितीत गाडगीळ होते. निष्कर्ष हादरवणारा होता. शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकारी संस्थांचा वाटा जेमतेम ३.१ टक्के, व्यापारी बँकांचा एक टक्क्याहूनही कमी आणि सावकारांचा जवळजवळ ७० टक्के! म्हणजे १९०४ सालच्या सहकारी कायद्याला अर्धे शतक होत आले तरी १८७५च्या कर्जखतांचा मालक बदललेला नव्हता. समितीने यावरून सहकार गुंडाळा असे सांगितले नाही. सहकार फसला आहे हे कबूल करून तो यशस्वी व्हायलाच हवा, असे बजावले आणि त्यासाठी कर्ज, खरेदी-विक्री आणि प्रक्रिया यांची साखळी जोडायला सांगितली. सरकारने भागीदार व्हावे हेही सुचवले. स्टेट बँकेचा १९५५ सालचा जन्म याच अहवालातून झाला.

१९६७ साली गाडगीळ नियोजन मंडळाचे उपाध्यक्ष झाले. राज्यांना केंद्राची मदत तोवर बरीचशी मर्जीवर मिळत असे. १९६९ साली त्यांनी तिला सूत्र दिले: काही विशेष राज्यांचा वाटा आधी बाजूला काढून उरलेल्या रकमेपैकी ६० टक्के लोकसंख्येप्रमाणे, दरडोई उत्पन्न, करवसुलीतले प्रयत्न, चालू पाटबंधारे व वीज प्रकल्प आणि राज्याच्या खास अडचणी यांना प्रत्येकी १० टक्के. सूत्र पुढे बदलले, नियोजन मंडळही २०१५च्या आरंभी इतिहासजमा झाले. पण मदत मर्जीने नव्हे, सर्वांना दिसेल अशा मापाने वाटावी, हा दंडक टिकला. त्याच वर्षी त्यांच्या अभ्यासगटाने बँकांनी जिल्हा हा घटक धरून काम करावे असे सुचवले आणि त्यातून प्रत्येक जिल्ह्याला अग्रणी बँक मिळाली. ३ मे १९७१ रोजी धनंजयराव गेले. त्याच वर्षी त्यांच्या संस्थेतल्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांचा भारतातल्या दारिद्र्यावरचा अभ्यास प्रसिद्ध झाला आणि ‘दारिद्र्यरेषा’ हा शब्द घरोघरी पोचला. मोजणीची परंपरा पुढे चालू राहिली.

मंजूर, मंजूर!

आता कडू भाग. प्रवरानगरच्या मागून जिल्ह्यात कोपरगाव, संगमनेर, राहुरी, नेवासे, श्रीगोंदे अशा तालुक्यातालुक्यांत सहकारी कारखाने उभे राहिले. त्यांच्यामागून शाळा-महाविद्यालये आली, दवाखाने आले, ज्यांच्या आज्यांनी शाळा पाहिली नव्हती अशा मुली डॉक्टर-इंजिनियर झाल्या. हे कुणी नाकारू नये. पण याच राज्यात अनेक सहकारी कारखाने कर्जात बुडाले, बंद पडले आणि कित्येक विकले जाऊन खासगी झाले. ज्यांच्या आजोबांनी बैल विकून शेअर घेतला, त्यांच्या हातात पिवळा पडलेला दाखला तेवढा उरला.

हे का घडले? साखरेचे भाव, सरकारी धोरण, दुष्काळ ही कारणे आहेतच. पण एक कारण आपल्या घरातले आहे. काही वर्षांपूर्वी एका कारखान्याच्या वार्षिक सभेला मी सभासद नातलगाबरोबर गेलो होतो. जाडजूड अहवाल मंडपाच्या दारातच हातात पडला. तो चाळायलाही वेळ नव्हता. व्यासपीठावरून विषय वाचला जाई आणि पुढच्या रांगांतून आरोळी उठे, ‘मंजूर, मंजूर!’ एका म्हाताऱ्या सभासदाने कर्जाविषयी विचारायला हात वर केला, तर ध्वनिक्षेपक त्याच्यापर्यंत पोचलाच नाही. पाऊण तासात कोट्यवधींचा व्यवहार मंजूर झाला आणि मंडळी जेवायला उठली. माझ्या मनात आले, न वाचता अंगठा उठवण्याची रीत आपण १८७५ साली जाळली होती ना?

ही केवळ माझी तक्रार नव्हे. अभिजित बॅनर्जी, दिलीप मुखर्जी, कैवान मुन्शी आणि देबराज रे या चार अर्थशास्त्रज्ञांनी महाराष्ट्रातल्या शंभरेक सहकारी साखर कारखान्यांची १९७१ ते १९९३ या काळातली आकडेवारी तपासून २००१ साली एक निबंध प्रसिद्ध केला. यांतल्या बॅनर्जींना पुढे २०१९ साली नोबेल मिळाले. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे: सहकारात सर्वांना टनाला एकच भाव द्यावा लागतो. पण कारभार मोठ्या शेतकऱ्यांच्या हाती असला, तर उसाचा भाव थोडा दाबून रक्कम कारखान्यात मागे ठेवता येते आणि मग तिचा विनियोग कारभाऱ्यांच्या मर्जीने होतो. सभासदांमध्ये जमिनीची विषमता जितकी मोठी, तितका हा धोका मोठा. ‘एक सभासद, एक मत’ हा नियम कागदावर असला म्हणून पुरेसा होत नाही. मतामागे माहिती लागते. आपल्या सहकाराने जगाच्या अर्थशास्त्राला दोनदा धडा दिला. पहिला, माणसे एकत्र येऊन काय उभारू शकतात याचा. दुसरा, हिशेब विचारणे थांबले की ते कसे पोखरते याचा.

काही विद्वान मित्र म्हणतात, सहकाराचे युग संपले. खासगी कारखाने वेळेवर पैसे देतात, मग अडले कुठे? ज्याचे वर्षभराचे पोट उसाच्या बिलावर आहे त्याने पैसे वेळेवर देणाऱ्याकडे जावे, यात गैर काही नाही. पण कायद्याने चौदा दिवसांत द्यायचा रास्त दर हा किमान दर आहे. त्याच्यावरचे चार पैसे, इथेनॉलचा, विजेचा, मळीचा नफा कुणाकडे जातो, हा प्रश्न १९४५ सालचाच आहे. मालकी सुटली की तो विचारण्याचा हक्कही सुटतो.

पुन्हा एक पाहणी

मला धनंजयरावांचे पुतळे नकोत. त्यांची वही हवी. १९४८च्या त्या ग्रंथातल्या कालव्यांवर आज पुन्हा एकदा तशीच पाहणी व्हावी असे मला मनापासून वाटते. आपल्या जिल्ह्यातल्या महाविद्यालयांत अर्थशास्त्राचे विद्यार्थी आहेत, राहुरीला कृषी विद्यापीठ आहे. त्यांनी वह्या घेऊन निघावे. या वेळी मात्र हिशेबाच्या काही रकाने वाढवावे लागतील. उसाने किती पाणी प्यायले आणि त्यामुळे कुणाचे ज्वारी-कांद्याचे रान कोरडे राहिले? अतिपाण्याने किती जमीन खारवट झाली? विहिरींची पातळी कुठे गेली? आणि ज्यांच्या कोयत्यावर हा सगळा डोलारा उभा आहे, त्या पाथर्डी-बीडकडच्या ऊसतोड कुटुंबांच्या मुलांची शाळा कुठल्या रकान्यात मांडायची? आडवळणाचा फायदा मोजायला धनंजयरावांनी शिकवले. आडवळणाचा तोटा मोजणे हे आपले काम आहे.

तोवर एक छोटे काम घरातच करता येईल. सप्टेंबरात वार्षिक सभांचे अहवाल निघतात. ज्या घरात सभासद आहे, त्या घराने तो मागून घ्यावा. शिकलेल्या मुलीने किंवा सुनेने तो एका संध्याकाळी मोठ्याने वाचून दाखवावा. गाळप किती, उतारा किती, कर्ज किती, व्याज किती, टनाला भाव किती आणि शेजारच्या कारखान्याचा किती, एवढे सहा आकडे कागदावर लिहावेत. आणि सभेला जाताना तो कागद आजोबांच्या खिशात ठेवावा.